मॅटरहॉर्न नीट पाहायचा असेल तर: झरमॅटचा मुक्काम, गाड्या, तळी आणि सकाळचं गणित

आपल्याकडच्या बहुतेक युरोप सहलींत टिटलिस किंवा युंगफ्राऊ असतं. स्वित्झर्लंडमधला मॅटरहॉर्न आणि त्याच्या पायथ्याचं झरमॅट गाव सहसा नसतं, आणि असलंच तर ‘दुपारी झरमॅट, फोटो, परत’ एवढ्यापुरता. ल्युसर्नच्या बाजूला उतरलेल्या माणसाला एका दिवसात झरमॅट करून यायचं तर सात-आठ तास गाडीतच जातात, आणि तिथे पोचेपर्यंत डोंगर ढगात गेलेला असतो. त्यामुळे हा लेख स्वतः तिकिटं काढून, निदान दोन रात्रींचा मुक्काम ठेवून जाणाऱ्यांसाठी आहे. एका रात्रीत जमत नाही असं नाही, पण मग सगळा भरवसा एकाच सकाळवर राहतो.

पुढचं सगळं नियोजन एका गोष्टीवर बेतलंय, ती आधी सांगतो. मॅटरहॉर्न हा समोरून, थोडं अंतर ठेवून आणि सकाळी बघायचा डोंगर आहे. सगळ्यात महाग तिकीट काढून सगळ्यात उंच स्टेशनवर गेलं की तो सगळ्यात छान दिसेल, हा हिशोब इथे चुकतो. चॉकलेटच्या वेष्टनावरचा तो वाकड्या चोचीचा त्रिकोण झरमॅट गावातून आणि गावाच्या पूर्वेकडच्या उतारांवरून दिसतो. उंच जाऊन बाजूला गेलात की त्याच डोंगराचा आकार बसका आणि रुंद होतो. ‘हाच का तो?’ असं विचारणारी माणसं वरच्या स्टेशनवर रोज भेटतात.

डोंगराची थोडी ओळख

उंची ४४७८ मीटर. स्वित्झर्लंड आणि इटलीची सीमा थेट माथ्यावरून जाते, पलीकडचे लोक याला चेर्विनो म्हणतात. शाळेच्या भूगोलात ‘गिरिशृंग’ शिकताना ज्याचं चित्र असायचं तो हाच. हिमनद्यांनी चारी बाजूंनी कडे कोरत आणले आणि मधे हा सुळका उरला, म्हणून त्याला चार बाजू आणि चार धारा आहेत. भूगर्भशास्त्रज्ञांना त्याचं वेगळंच कौतुक आहे. माथ्याकडचा खडक आफ्रिकेच्या बाजूच्या भूखंडाचा आणि त्याच्याखाली जुन्या समुद्रतळाचे खडक, अशी उलटी रचना आहे. दोन भूखंड एकमेकांवर चढले त्याचा हा पुरावा.

उंचीत तो आसपास पहिलासुद्धा नाही. शेजारच्या मोंटे रोझाचं ड्युफोर शिखर ४६३४ मीटर, म्हणजे स्वित्झर्लंडमधलं सर्वांत उंच. पण त्याच्याकडे बोट दाखवून कोणी विचारत नाही. मॅटरहॉर्न एकटा उभा आहे, शेजारी खांद्याला खांदा लावणारं कोणी नाही, म्हणून तो या सगळ्या भागाची खूण झाला. गावातल्या बेकरीच्या पाटीवर, बिअरच्या बाटलीवर, हॉटेलच्या टॉवेलवर तोच. टोब्लेरोन चॉकलेटवर तर इतकी वर्षं होता. उत्पादनाचा काही भाग स्लोव्हाकियात न्यायचं ठरल्यावर ‘स्विस’पणाच्या कायद्यामुळे २०२३ मध्ये कंपनीला तो काढायचा निर्णय जाहीर करावा लागला. आणि एप्रिल २०२०मध्ये, कोरोनाच्या टाळेबंदीत, रोज रात्री डोंगरावर वेगवेगळ्या देशांचे झेंडे प्रकाशानं उमटवले जात होते, तेव्हा एका रात्री या कड्यावर तिरंगाही झळकला होता.

पायरी पहिली: महिना ठरवा, आणि मे टाळा

आपली सुट्टी मे महिन्यात असते, म्हणून अर्धा महाराष्ट्र मेमध्येच युरोपला निघतो. मॅटरहॉर्नसाठी हा सर्वांत गैरसोयीचा महिना आहे. स्कीचा हंगाम आटोपलेला, पायवाटांवर अजून बर्फ, प्रतिबिंबाची तळी गोठलेली किंवा अर्धवट वितळलेली, आणि वरच्या काही केबलकार देखभालीसाठी बंद. दिवाळीच्या सुट्टीचंही तेच. ऑक्टोबरच्या उत्तरार्धापासून नोव्हेंबर संपेपर्यंत गावातली बरीच हॉटेलंसुद्धा कुलूपबंद असतात. झरमॅटहून गोर्नरग्राटच्या डोंगरावर नेणारी रेल्वे मात्र वर्षभर चालते, तेव्हा मेमध्येच जाणं भाग असेल तर निदान ती आहे.

चालायचं असेल आणि तळ्यातलं प्रतिबिंब हवं असेल तर जुलै ते सप्टेंबर. मला विचाराल तर सप्टेंबर: गर्दी ओसरलेली असते, हवा जास्त स्वच्छ असते आणि सूर्योदय इतका भल्या पहाटे नसतो. ऑक्टोबरच्या सुरुवातीला लार्चची झाडं सोन्यासारखी पिवळी होतात, फोटोवाल्यांचा तो हंगाम. १ ऑगस्ट हा स्विस राष्ट्रीय दिन, त्या आठवड्यात खोल्या मिळायला त्रास होतो. डिसेंबर ते एप्रिल हे स्कीवाल्यांचं राज्य. बर्फ बघायचाच असेल तर तेव्हा जा, पण दर त्याच हिशोबानं धरा.

व्हिसा शेंगेनचा. सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो. मुंबई-पुण्यात उन्हाळ्याच्या तोंडावर तारखा मिळत नाहीत, म्हणून जुलैचं जाणं असेल तर मार्चमध्येच कागद हलवा. प्रवास विमा किमान ३०,००० युरोचा लागतो. तो घेताना डोंगरातल्या हेलिकॉप्टर बचावाचा खर्च त्यात धरलाय का, ते एजंटकडून लेखी विचारून घ्या. इथे पाय मुरगळला तरी स्ट्रेचर हवेतूनच येतं आणि त्याचं बिल चांगलं सणसणीत असतं.

पायरी दुसरी: राहायचं कुठे

झरमॅट गाव १६०० मीटरच्या थोडं वर आहे. आपलं कळसूबाई १६४६ मीटर. म्हणजे महाराष्ट्राचं सर्वोच्च टोक जिथे संपतं, साधारण तिथे या गावाचा बाजार सुरू होतो. पेट्रोल-डिझेलच्या गाड्यांना गावात बंदी आहे. रस्त्यावर डब्यासारख्या चौकोनी बॅटरीच्या टॅक्सी फिरतात, आवाज न करता मागून येतात, तेव्हा मोबाईलमध्ये बघत चालू नका.

राहण्याचे तीन पर्याय. गावातच राहिलात तर पहाटे उठून खिडकीतून डोंगर मोकळा आहे की नाही हे बघून निर्णय घेता येतो, आणि याच सोयीसाठी पैसे मोजायचे. खोली घेताना ‘मॅटरहॉर्न दिसतो’ असं लिहिलेलं असेल तर त्या विशिष्ट खोलीतून दिसतो का, हे विचारा. हॉटेलच्या गच्चीतून दिसणं वेगळं. दुसरा पर्याय टेश: एक स्टेशन अलीकडे, गाडी लावायला मोठा वाहनतळ, खोल्या बऱ्याच स्वस्त. तिथून झरमॅटला दर वीस मिनिटांनी शटल गाडी, बारा मिनिटांचा रस्ता. पण टेशमधून डोंगर दिसत नाही. तिसरा विस्प, खाली दरीत, तासाभराच्या अंतरावर. बजेट अगदी आवळलेलं असेल तरच.

चौघांचं कुटुंब असेल तर स्वयंपाकघर असलेलं अपार्टमेंट घ्या. स्टेशनसमोरच सुपरमार्केट आहे. तांदूळ, दही, बटाटे, कांदे, टोमॅटो सगळं मिळतं. मसाल्याची डबी आणि छोटा कुकर घरून आणलात की रात्रीचं जेवण निम्म्याहून कमी खर्चात होतं.

पायरी तिसरी: पोचायचं कसं

झुरिचहून विस्पपर्यंत मोठी गाडी, तिथे बदलून झरमॅटपर्यंत छोटी लाल गाडी. एकूण सव्वातीन-साडेतीन तास. जिनिव्हाकडून आलात तर चार तास धरा. इंटरलाकेनहून सव्वादोन तास. विस्पला फलाट बदलायला थोडाच वेळ असतो, पण स्टेशन लहान आहे, घाबरायचं कारण नाही. उद्घोषणेत ते नाव ‘फिस्प’ असं ऐकू येतं, तेवढं लक्षात ठेवा, नाहीतर बसून राहाल.

विस्प ते झरमॅट हा टप्पा सव्वा तासाच्या आतबाहेरचा. ही लाईन १८९१ सालची. चढ तीव्र आहे तिथे रुळांच्या मधल्या दातेरी पट्टीत गाडीचं चाक अडकतं आणि वेग एकदम कमी होतो. दरीच्या दोन्ही बाजूंना काळ्या पडलेल्या लाकडाची घरं, मधून धबधबे. टेशपर्यंत मॅटरहॉर्न दिसतच नाही, आणि झरमॅट स्टेशनबाहेर आल्यावरसुद्धा लगेच नाही. मुख्य रस्त्यावरून चालत गावाच्या दक्षिण टोकाकडे निघालात की इमारतींच्या फटीतून तो अचानक समोर येतो. लोक रस्त्यातच थांबतात. टॅक्सीवाल्यांना त्याची सवय आहे.

सेंट मॉरिट्झकडून येणारी ग्लेशियर एक्सप्रेसही इथेच येते, जवळपास आठ तासांचा प्रवास. पास असला तरी आरक्षणाचे वेगळे पैसे पडतात. आधीच दरी-डोंगर भरपूर पाहून झाले असतील तर ती सोडून दिली तरी चालेल.

पायरी चौथी: पास आणि तिकिटं

इथे लोक सर्वांत जास्त गोंधळतात. स्विस ट्रॅव्हल पास असेल तर झरमॅटपर्यंतचा रेल्वेप्रवास त्यात येतो. झरमॅटहून वर जाणाऱ्या रेल्वे आणि केबलकार मात्र फुकट नाहीत, त्यांवर निम्मी सवलत मिळते. हाफ फेअर कार्डवरही निम्मीच. म्हणजे डोंगरावरच्या खर्चापुरते दोन्ही सारखे. तुमचा बाकी स्वित्झर्लंडमधला प्रवास किती, त्यावर पास घ्यायचा की कार्ड ते ठरवा. सोळा वर्षांखालच्या मुलांसाठी आई-बाबांच्या पासाबरोबर फॅमिली कार्ड मोफत मिळतं, ते मागून घ्यायला विसरू नका. कोणी आपणहून देईल याची खात्री नाही.

गोर्नरग्राटचं येण्याजाण्याचं पूर्ण तिकीट उन्हाळ्यात शंभर फ्रँकच्या वर जातं, क्लाइन मॅटरहॉर्न या सर्वांत उंच केबलकार स्टेशनचंही तसंच. पाच तळ्यांकडे नेणाऱ्या सुनेगा-ब्लाउहेर्डच्या बाजूचं त्याच्या निम्म्यापेक्षा कमी. दर महिन्यानुसार बदलतात, तेव्हा निघण्याआधी एकदा बघून घ्या. पण महत्त्वाचं हे: तिकीट घरून, आठवडाभर आधी काढून ठेवू नका. सकाळी डोंगर दिसला की मगच काढा. खिडकीवर किंवा मोबाईलवर पाच मिनिटांचं काम आहे. ढगात बसून शंभर फ्रँकचं पांढरं धुकं बघणारे प्रवासी मी पुष्कळ पाहिलेत, आणि त्यांतले बहुतेक ‘बुकिंग आधीच झालं होतं हो’ असं म्हणणारे.

पायरी पाचवी: पोचलात त्या संध्याकाळी वर जाऊ नका

पहिली संध्याकाळ गावात काढा. शरीराला उंचीची थोडी सवय होते आणि गाव बघण्यासारखं आहे. मुख्य रस्त्याला समांतर मागच्या बाजूला हिंटरडॉर्फ नावाची जुनी वस्ती आहे. तिथली धान्याची कोठारं नीट बघा. लाकडी खांबांवर उभी आणि प्रत्येक खांब आणि कोठार यांच्यामध्ये एक चपटी गोल दगडी तबकडी, भाकरीच्या तव्याएवढी किंवा थोडी मोठी. उंदीर खांबावरून चढला तरी तबकडीच्या कडेशी येऊन अडतो, उलटं लटकून पुढे जाणं त्याला जमत नाही. कोठाराच्या लार्च लाकडाला उन्हानं जवळजवळ काळा रंग आलेला असतो आणि फटींतून अजून राळेचा वास येतो.

चर्चच्या शेजारी गिर्यारोहकांची स्मशानभूमी आहे. मॅटरहॉर्नवर आजवर पाचशेहून जास्त माणसं मृत्युमुखी पडली आहेत. १४ जुलै १८६५ रोजी इंग्रज गिर्यारोहक एडवर्ड व्हिंपरच्या तुकडीनं पहिल्यांदा माथा गाठला तेव्हा सात जण होते. उतरताना तरुण हॅडोचा पाय घसरला, तो शामोनीचा वाटाड्या मिशेल क्रो याच्यावर आदळला, आणि त्यांच्यामागोमाग हडसन आणि लॉर्ड डग्लस ओढले गेले. मधला दोर तुटला म्हणून व्हिंपर आणि झरमॅटचे टाउगवाल्डर बापलेक वाचले. डग्लसचा मृतदेह कधीच सापडला नाही. क्रोचं थडगं याच स्मशानभूमीत आहे, आणि तो तुटलेला दोर चर्चजवळच्या जमिनीखालच्या संग्रहालयात काचेत ठेवलाय. बोटाएवढाही जाड नाही. दोर कापला की तुटला यावर त्या काळी खूप वाद झाले. तो बघितला की वादापेक्षा इतक्या बारीक दोरावर माणसं तिथे गेलीच कशी, हा प्रश्न जास्त पडतो. तीनच दिवसांनी, १७ जुलैला, इटलीच्या बाजूनं जाँ-आंत्वान कारेल माथ्यावर पोचला.

जुलै-ऑगस्टमध्ये असाल तर सकाळी आणि संध्याकाळी मुख्य रस्त्यावरून शेळ्यांचा कळप जातो. पुढून काळ्या, मागून पांढऱ्या, मध्यावर रेघ मारल्यासारख्या. मुलांना डोंगरापेक्षा हेच जास्त लक्षात राहतं.

पायरी सहावी: सकाळचा निर्णय

सकाळच का, याला कारण आहे. गावाच्या आणि गोर्नरग्राटच्या बाजूनं आपल्याला डोंगराची मुख्यतः पूर्व बाजू आणि थोडी उत्तर बाजू दिसते. पूर्वेचा कडा सकाळी उन्हात न्हालेला असतो. दुपारनंतर ऊन डोंगराच्या मागे जातं, समोरचा कडा सावलीत जाऊन सपाट, करडा दिसतो. शिवाय वारा आडवा असेल तर सुळक्याच्या आडोशाच्या बाजूला ढग तयार होतो आणि झेंड्यासारखा फडकत तिथेच चिकटून राहतो. बाकी आभाळ निळंशार आणि एवढाच डोंगर झाकलेला, असं दुपारी नेहमीचंच.

तेव्हा गजर लावा. सूर्योदयाच्या अर्धा तास आधी चर्चच्या पुढच्या नदीवरच्या पुलावर जा. दहा-वीस माणसं तिपाया लावून उभी असतीलच. आधी टोकावर गुलाबी ठिपका येतो, मग तो नारिंगी होत खाली उतरतो. दहा-बारा मिनिटांत खेळ संपतो. गाव तोपर्यंत सावलीतच असतं आणि थंडी चांगली बोचते, तेव्हा जॅकेट घालूनच निघा.

मग नाश्त्याआधी वरच्या स्टेशनांचे थेट कॅमेरे मोबाईलवर बघा. हॉटेलच्या टीव्हीवरही ते चालू असतात. खाली धुकं आणि वर लख्ख ऊन, असंही होतं. अशा दिवशी डगमगू नका, सरळ वर जा, ढगांचा समुद्र पायाखाली मिळेल. वरही पांढरं असेल तर तिकीट काढू नका आणि शेवटचा भाग वाचा.

पायरी सातवी: गोर्नरग्राट आणि रिफेलझे

एकच गोष्ट करता येणार असेल तर ही करा. १८९८मध्ये सुरू झालेली विजेवर चालणारी दातेरी रेल्वे, मोठ्या स्टेशनच्या समोरूनच सुटते आणि पस्तीसेक मिनिटांत ३०८९ मीटरवर नेते. वर जाताना उजव्या बाजूच्या खिडकीत बसा. पहिल्या दोन-तीन गाड्यांपैकी एक पकडा. साडेनऊनंतर मोठे गट येतात आणि खिडकीसाठी आपल्या लोकलसारखी चढाओढ होते.

वर पोचल्यावर समोर मोंटे रोझा, खाली गोर्नर हिमनदी, उजवीकडे मॅटरहॉर्न. चार हजार मीटरवरची २९ शिखरं इथून मोजता येतात. तासभर पुरतो. मग खाली येताना रोटेनबोडेन स्टेशनवर उतरा, किंवा गोर्नरग्राटवरूनच अर्ध्या-पाऊण तासाची उतरती वाट चालत या. वाटेत थांबत थांबत त्याच तिकिटावर पुढच्या गाडीनं खाली जाता येतं.

रोटेनबोडेनपासून दहा मिनिटं खाली रिफेलझे तळं, २७५७ मीटरवर. पोस्टकार्डावरचं प्रतिबिंब इथलंच. पण त्यासाठी वारा पडलेला असावा लागतो आणि तो सकाळी नऊ-दहापर्यंतच पडलेला असतो. म्हणून काही जण उलटा क्रम लावतात: जाताना आधी रोटेनबोडेनला उतरून तळं, मग गोर्नरग्राट. मीही तेच सुचवीन. तळ्याच्या वरच्या काठावर सगळे एकाच दगडापाशी दाटी करतात. तुम्ही काठानं फिरून समोर जा आणि कॅमेरा पाण्यालगत, अगदी वीतभर उंचीवर धरा. उभं राहून घेतलेल्या फोटोत तळाचे दगड दिसतात, खाली धरला की डोंगर येतो. पाणी हललं तर थोडं खाली आणखी एक छोटं तळं आहे, डबक्याएवढं. लहान असल्यानं त्यात लाटा उठत नाहीत, मोठ्या तळ्यात काही मिळत नसतं तेव्हा इथे मिळून जातं. पुढे पाऊण तासात रिफेलबर्ग स्टेशन येतं, वाट सोपी आहे, सातवीतलं मूल आणि साठीतले आजोबा दोघांनाही जमेल. बूट मात्र पकड असलेले हवेत.

पायरी आठवी: दुसऱ्या दिवशी पाच तळी

सुनेगाची भुयारी रेल्वे स्टेशनपासून पाच-सात मिनिटांवरून सुटते आणि डोंगराच्या पोटातून पाचेक मिनिटांत २२८८ मीटरवर बाहेर काढते. लहान मुलं असतील तर इथेच थांबलात तरी हरकत नाही. खाली लायझे तळं आहे, उथळ, खेळायला जागा, आणि समोर मॅटरहॉर्न. चालणाऱ्यांनी ब्लाउहेर्डपर्यंत पुढची केबलकार घ्यावी. तिथून वीस मिनिटांवर स्टेलीझे. रिफेलझेइतकंच सुंदर प्रतिबिंब, आणि इथे तळ्याच्या लांबट आकारामुळे अख्खा डोंगर पाण्यात मावतो.

स्टेलीझेपासून पाच तळ्यांची वाट सुरू होते: स्टेलीझे, ग्रिंजीझे, ग्रुनझे, मोसजीझे, लायझे. नऊ-दहा किलोमीटर, बहुतेक उतार, शेवटी सुनेगाला येताना एक दमवणारा चढ. अडीच-तीन तास, डबा खाऊन चार. प्रत्येक तळ्याचं पाणी वेगळ्या रंगाचं. मोसजीझेत हिमनदीनं दळलेल्या खडकाची भुकटी मिसळलेली असल्यानं ते दुधट निळं. ग्रिंजीझेच्या काठी लार्चची झाडं आहेत, डबा तिथे उघडा.

वाटेवरच्या पिवळ्या पाट्यांवर अंतराऐवजी वेळ लिहिलेली असते. ती स्विस पायांची वेळ आहे, आणि त्यात फोटो, चहा, विश्रांती धरलेली नाही. आपण दीडपट धरावी. साधी पिवळी खूण म्हणजे कोणालाही चालेल अशी वाट. पांढरी-लाल-पांढरी म्हणजे डोंगरवाट, नीट बूट हवेत. पांढरी-निळी-पांढरी दिसली की मागे फिरा, ती दोर-कुऱ्हाडवाल्यांची.

क्लाइन मॅटरहॉर्न: जायचं की नाही

३८८३ मीटर, युरोपातलं सर्वांत उंच केबलकार स्टेशन. गावाच्या दक्षिण टोकावरून निघून फुरी, ट्रॉकेनर श्टेग असे टप्पे घेत पाऊण तासात वर. बर्फाच्या पोटात कोरलेल्या खोल्या आहेत, उन्हाळ्यातही स्की चालतं, आणि आभाळ मोकळं असेल तर मों ब्लाँपर्यंत नजर जाते. २०२३पासून इथून इटलीतल्या चेर्विनियापर्यंत केबलकारनं सलग जाता येतं. गेलात तर पासपोर्ट खिशात ठेवा.

मात्र मॅटरहॉर्न इथून बाजूनं दिसतो आणि ओळखू येत नाही. ज्यांना बर्फ तुडवायचाय, ज्यांनी युंगफ्राऊ किंवा टिटलिस केलेलं नाही, त्यांनी जावं. बाकीच्यांनी ते पैसे गोर्नरग्राटवर घालावेत असं माझं स्पष्ट मत आहे.

उंचीचा मुद्दा गंभीर आहे. समुद्रसपाटीच्या तुलनेत इथे हवेतला प्राणवायू दोन तृतीयांशाहूनही कमी पडतो, आणि मुंबईहून आलेला माणूस परवा शून्य मीटरवर होता. हृदयविकार, अनियंत्रित रक्तदाब, दमा, गरोदरपण असेल तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय जाऊ नका. तान्ह्या बाळांना नेऊच नका. बाकीच्यांनी वर गेल्यावर हळू चालावं, पायऱ्या धावत चढू नयेत, पाणी पीत राहावं. डोकं ठणकायला लागलं, मळमळलं, तर गोळी घेऊन वाट बघण्यापेक्षा पुढच्या केबलकारनं खाली या. हजार मीटर उतरलं की बहुतेकांना बरं वाटतं. खरंच काही झालं तर १४४ लावा.

जुलैतही वर पारा शून्याखाली असू शकतो. कानटोपी, हातमोजे, वारा अडवणारं जॅकेट आणि गॉगल लागतातच. बर्फावरून परतलेल्या उन्हानं नाकाचं टोक आणि हनुवटीखालचा भाग भाजतो, क्रीम तिथेही लावा.

सह्याद्रीत फिरणाऱ्यांसाठी

हरिश्चंद्रगड, अलंग-मदन करणाऱ्या मंडळींना लांबून बघून समाधान होत नाही. त्यांच्यासाठी श्वार्त्सझे. केबलकारनं २५८३ मीटरवर उतरा, तळ्याकाठी छोटं प्रार्थनाघर आहे, तिथून हॉर्नली हट या गिर्यारोहकांच्या निवाऱ्यापर्यंत सुमारे ७०० मीटरचा चढ, दोन-अडीच तास. वाटेत लोखंडी जिने आणि दोर आहेत, काही ठिकाणी एका बाजूला मोकळी दरी. पाऊस किंवा ताजा बर्फ असेल तर जाऊ नका. ३२६० मीटरवरच्या त्या हटच्या अंगणात बसून पुढची धार बघता येते, आणि प्रत्यक्ष चढणारे कसे मुंग्यांसारखे दिसतात तेही.

माथ्याचं बोलायचं तर ती सहल नाही. हटपासून १२०० मीटर सरळ खडक-बर्फ, पहाटे अंधारात सुरुवात, एका वाटाड्यामागे एकच माणूस, आणि वाटाड्या तुम्हाला आधी दुसऱ्या शिखरांवर पारखून मगच नेतो. वर ४००३ मीटरवर सोल्व्हे नावाची लाकडी झोपडी आहे, ती फक्त अडचणीत सापडलेल्यांसाठी. उतरणं चढण्याइतकंच वेळखाऊ, आणि अपघातही बरेचसे उतरतानाच होतात.

खाणंपिणं

वरच्या उपाहारगृहांत शाकाहारी माणसाचा आधार म्हणजे रोश्टी, किसलेल्या बटाट्याचं खरपूस थालीपीठच म्हणा. मागवताना ‘ओने श्पेक’ असं सांगा, नाहीतर वरून डुकराच्या मांसाचे तुकडे येतात. चीज फोंड्यूमध्ये पांढरी वाईन असतेच, कधी ब्रँडीही. घरात कोणी पाळत असेल तर आधी सांगून ठेवा. सूप मांसाच्या पाण्यात केलेलं असू शकतं, विचारा. पाणी विकत घेऊ नका, नळाचं आणि गावातल्या हौदांचं पाणी पिण्यालायक असतं. धपाटे, चटणी, शेंगदाण्याचे लाडू पाठपिशवीत असले की दिवसाची चिंता नाही. बाहेरच्या बाकांवर बसून खायला कोणी हरकत घेत नाही, उपाहारगृहाच्या टेबलावर मात्र घेतात.

डोंगर दिसलाच नाही तर

होतं असं. पूर्ण दिवस ढग असेल तर संग्रहालय, हिंटरडॉर्फ, आणि गावापासून थोड्या अंतरावरची गोर्नरची घळ बघा. घळीत लाकडी फळ्यांवरून चालत हिरव्या पाण्याच्या वर जाता येतं आणि तिला ढगाचं काही देणंघेणं नाही. चालायची हौस असेल तर रांडा गावावरचा ४९४ मीटर लांबीचा झुलता पूल आहे, २०१७ सालचा. पण त्यासाठी दोन तास चढावं लागतं आणि वारा असेल तर तो चांगलाच हलतो.

परतीची गाडी दुपारची ठेवा, सकाळची नको. शेवटच्या दिवशी साडेसहाला आभाळ फाटलं तर सामान हॉटेलात ठेवून पहिल्या गाडीनं रोटेनबोडेन, तळं, आणि अकरापर्यंत खाली, एवढं सहज बसतं. स्टेशनवर सामानाचे लॉकरही आहेत. मोठ्या बॅगा मावणारे कमी असतात, ते आधी भरतात.